एका पक्षाची तीन घरे: डॉमिनिकन प्रजासत्ताकातील सत्तांतरांचा उलगडा

१९ मे २०२४ रोजी डॉमिनिकन प्रजासत्ताकात अध्यक्षपदाची निवडणूक झाली. लुईस अबिनादेर सुमारे ५७ टक्के मते घेऊन दुसऱ्यांदा निवडून आले. तीन वेळा अध्यक्षपद भूषवलेले लिओनेल फर्नांडेझ सुमारे २९ टक्क्यांवर थांबले, आणि २०२० पर्यंत सलग सोळा वर्षे सत्तेवर असलेल्या पीएलडी या पक्षाचे उमेदवार आबेल मार्तिनेझ यांना जेमतेम १० टक्के मते पडली. वरवर पाहता ही तीन स्वतंत्र पक्षांची लढत होती. प्रत्यक्षात या तिन्ही पक्षांचे मूळ एकच आहे. १९३९ साली क्युबात परागंदा झालेल्या डॉमिनिकन नेत्यांनी स्थापन केलेला डॉमिनिकन क्रांतिकारी पक्ष, म्हणजे पीआरडी, हे ते मूळ. हा मूळ पक्षही २०२४ च्या निवडणुकीत उभा होता, आणि त्याला एक टक्काही मते मिळाली नाहीत.

या देशाच्या राजकारणाविषयी मराठीत फारसे लिहिले जात नाही, याचे एक कारण कदाचित असे असावे की आपल्याला कॅरिबियन भूभाग ओळखीचा आहे तो क्रिकेटमुळे, आणि हा देश खेळतो बेसबॉल. हिस्पानिओला बेटाचा पश्चिमेकडचा भाग हैतीचा आणि पूर्वेकडचा, आकाराने मोठा भाग डॉमिनिकन प्रजासत्ताकाचा. (डॉमिनिका हे इंग्रजी बोलणारे छोटे बेट निराळे, तेथे भारतीय संघ कसोटी खेळलेला आहे.) लोकसंख्या सुमारे १ कोटी १० लाख, भाषा स्पॅनिश, राजधानी सान्तो दोमिंगो. शासनपद्धती अमेरिकेच्या वळणाची आहे. थेट लोकांनी चार वर्षांसाठी निवडलेला अध्यक्ष हाच राष्ट्रप्रमुख आणि सरकारप्रमुख असतो, आणि संसदेची दोन सभागृहे असतात. सिनेटमध्ये ३१ प्रांत आणि राजधानीचा राष्ट्रीय जिल्हा यांचा प्रत्येकी एक असे ३२ सदस्य बसतात, तर प्रतिनिधिगृहात २०२४ च्या निवडणुकीपर्यंत १९० जागा होत्या. नवा अध्यक्ष १६ ऑगस्टला शपथ घेतो, कारण १८६३ मध्ये त्याच दिवशी स्पेनविरुद्धचा दुसरा स्वातंत्र्यलढा सुरू झाला होता.

या देशात सत्ता कोणाकडे जाते हे समजून घ्यायचे असेल, तर विचारसरणींचा अभ्यास फारसा उपयोगी पडत नाही. सर्व मोठे पक्ष आज मध्यममार्गी आहेत आणि त्यांची आर्थिक धोरणे एकमेकांत सहज मिसळून जातील इतकी सारखी आहेत. उपयोगी पडते ती एका प्रश्नाची माहिती: पदावर असलेल्या अध्यक्षाला पुन्हा उभे राहता येते की नाही? या प्रश्नाचे उत्तर घटनेत वारंवार बदलले गेले आहे. प्रत्येक बदलाने सत्ताधारी पक्षात भाऊबंदकी माजवली, आणि गेल्या पन्नास वर्षांतील बहुतेक सत्तांतरांच्या आधी सत्ताधारी घर आतून दुभंगलेले होते. विरोधकांनी सत्ता जिंकली असे म्हणण्यापेक्षा सत्ताधाऱ्यांनी ती आपसांत भांडून घालवली, असे म्हणणे वस्तुस्थितीला अधिक धरून होईल.

पुनर्निवडीच्या प्रश्नाला एवढी धार का, हे कळण्यासाठी रफाएल त्रुहियो यांच्यापर्यंत मागे जावे लागते. १९३० मध्ये सत्तेवर आलेल्या या लष्करशहाने एकतीस वर्षे देश मुठीत ठेवला. राजधानीला स्वतःचे नाव दिले. १९३७ मध्ये सीमाभागातील हजारो हैतीवंशीयांची कत्तल घडवून आणली. तो प्रत्येक वेळी स्वतःच अध्यक्ष असे असेही नाही. मधल्या काळात विश्वासू माणसांना त्या खुर्चीवर बसवून सूत्रे स्वतःच्या हाती ठेवण्याची कला त्याला अवगत होती. ३० मे १९६१ रोजी त्याची हत्या झाली, तेव्हा अशा नाममात्र अध्यक्षपदावर होते होआकिन बालागेर नावाचे एक मृदुभाषी, कविता करणारे, अविवाहित वकील. हुकूमशहाबरोबर हा माणूसही इतिहासजमा होईल असे तेव्हा अनेकांना वाटले असेल. पुढील पस्तीस वर्षे देशाचे राजकारण त्याच्याभोवती फिरत राहिले.

डिसेंबर १९६२ मध्ये पहिली खुली निवडणूक झाली आणि पीआरडीचे संस्थापक नेते, कथाकार हुआन बॉश सुमारे ५९ टक्के मतांनी निवडून आले. फेब्रुवारी १९६३ मध्ये त्यांनी शपथ घेतली आणि सातच महिन्यांत, २५ सप्टेंबरला, लष्कराने त्यांना पदच्युत केले. एप्रिल १९६५ मध्ये बॉश यांना परत आणण्यासाठी उठाव झाला, त्याचे यादवीत रूपांतर झाले आणि ‘दुसरा क्युबा’ नको म्हणून अमेरिकेने वीस हजारांहून अधिक सैनिक उतरवले. त्या फौजांच्या छायेत १९६६ ची निवडणूक झाली. बॉश हरले, बालागेर जिंकले. त्यानंतर बालागेर यांनी १९७० आणि १९७४ मध्येही पद राखले. विरोधकांवरील हिंसा आणि दहशत एवढी होती की १९७४ मध्ये पीआरडीने निवडणुकीवर बहिष्कारच घातला. डॉमिनिकन लोक या कालखंडाला नुसते ‘बारा वर्षे’ म्हणतात.

याच काळात मूळ घर पहिल्यांदा फुटले. निवडणुकांच्या मार्गावरचा बॉश यांचा विश्वास उडत चालला होता, तर त्यांचे शिष्य होसे फ्रान्सिस्को पेन्या गोमेझ यांना निवडणुकांतूनच बालागेर यांना हटवता येईल असे वाटत होते. १९७३ मध्ये बॉश यांनी स्वतः स्थापलेला पक्ष सोडला आणि डॉमिनिकन मुक्ती पक्ष, म्हणजे पीएलडी, काढला. अभ्यासवर्ग पूर्ण केल्याशिवाय कोणालाही सदस्यत्व मिळणार नाही, अशी त्या छोट्या, शिस्तबद्ध पक्षाची रीत होती. पीआरडी मात्र पेन्या गोमेझ यांच्याकडे राहिला आणि जनसामान्यांचा पक्ष म्हणून वाढत गेला.

१९७८ ची निवडणूक हा या देशाच्या लोकशाहीचा खरा आरंभ मानला जातो. पीआरडीचे उमेदवार अँतोनियो गुझमान आघाडीवर असल्याचे दिसताच मध्यरात्रीनंतर सैनिक निवडणूक मंडळाच्या कार्यालयात घुसले आणि मतमोजणी थांबली. अमेरिकेचे अध्यक्ष जिमी कार्टर यांनी मोठा दबाव आणला, मोजणी पुन्हा सुरू झाली आणि त्या वर्षी १६ ऑगस्टला देशाच्या इतिहासात प्रथमच एका निर्वाचित सरकारने दुसऱ्या पक्षाच्या निर्वाचित सरकारकडे शांततेने सत्ता सोपवली. पण बालागेर रिकाम्या हातांनी गेले नाहीत. निवडणूक मंडळाने एका वादग्रस्त निर्णयाद्वारे सिनेटच्या चार जागा त्यांच्या पक्षाच्या पदरात टाकल्या, त्यामुळे सिनेटचे बहुमत त्यांच्याकडे राहिले. आणि त्या काळी न्यायाधीशांच्या नेमणुका सिनेट करत असे.

पीआरडीने पुनर्निवडीला विरोध हे आपले तत्त्व मानले होते आणि ते पाळलेही. गुझमान यांच्यानंतर १९८२ मध्ये त्याच पक्षाचे साल्वादोर होर्खे ब्लांको आले. तेही दुसऱ्यांदा उभे राहिले नाहीत. पुनर्निवड नसल्याचा एक परिणाम मात्र असा झाला की अध्यक्ष शपथ घेतो न घेतो तोच पुढच्या उमेदवारीसाठी पक्षात गट पडू लागले. त्यातच आंतरराष्ट्रीय नाणेनिधीच्या अटींमुळे भाववाढ झाली आणि एप्रिल १९८४ मध्ये रक्तरंजित दंगली उसळल्या. १९८६ मध्ये पीआरडीचे हाकोबो माहलूता हे स्वपक्षीयांच्या असहकारामुळेच मुख्यतः हरले आणि दृष्टी जवळजवळ गमावलेले, ऐंशीच्या घरातले बालागेर पुन्हा अध्यक्ष झाले.

तेव्हाच्या नियमानुसार ज्याला सर्वांत जास्त मते तो अध्यक्ष, मग ती मते कितीही असोत. १९९० मध्ये या नियमाचे टोक दिसले. पीआरडीतून फुटलेल्या माहलूता यांनी स्वतंत्र पक्ष काढलेला, पीआरडीकडून पेन्या गोमेझ उभे, पीएलडीकडून बॉश उभे. एकाच मुळाच्या तीन फांद्यांनी मते वाटून घेतली आणि बालागेर अवघ्या ३५ टक्क्यांवर जिंकले. बॉश यांना सुमारे ३४ टक्के मते होती आणि आपली फसवणूक झाली असे ते अखेरपर्यंत म्हणत राहिले.

१९९४ मध्ये प्रकरण विकोपाला गेले. बालागेर आणि पेन्या गोमेझ यांच्यात अधिकृत फरक होता सुमारे २२ हजार मतांचा, पण मतदान ओळखपत्र हाती असूनही आपले नाव यादीतून गायब झाल्याचे हजारो मतदारांना केंद्रावर गेल्यावर कळले. चौकशी समितीच्या अंदाजानुसार अशा मतदारांची संख्या दोन उमेदवारांमधील फरकाहून जास्त होती. देश पुन्हा यादवीच्या उंबरठ्यावर असताना ऑगस्ट १९९४ मध्ये ‘लोकशाहीसाठी करार’ झाला. बालागेर यांची मुदत चारऐवजी दोन वर्षांची करण्यात आली, लागोपाठ पुनर्निवडीवर बंदी आली, आणि अध्यक्ष होण्यासाठी निम्म्याहून अधिक मते आवश्यक ठरली. ती कोणालाच मिळाली नाहीत तर पहिल्या दोघांत दुसरी फेरी. आजची निवडणूक ज्या चौकटीत होते ती चौकट या करारातून आली आहे.

नव्या नियमाची पहिली शिकार झाले पेन्या गोमेझ. मे १९९६ च्या पहिल्या फेरीत त्यांना जवळजवळ ४६ टक्के मते मिळाली. जुन्या नियमाने ते अध्यक्ष झाले असते. दुसऱ्या क्रमांकावर ३९ टक्के मते घेऊन होते पीएलडीचे बेचाळीस वर्षांचे वकील लिओनेल फर्नांडेझ. आता बालागेर आणि बॉश, म्हणजे तीन दशकांचे हाडवैरी, एका व्यासपीठावर आले आणि दोघांनीही फर्नांडेझ यांच्या मागे बळ उभे केले. या आघाडीचे नाव ‘राष्ट्रीय देशभक्त आघाडी’ होते, आणि त्या नावातील देशभक्तीचा रोख उघड होता. पेन्या गोमेझ कृष्णवर्णीय आणि हैतीवंशीय होते. १९३७ च्या कत्तलीच्या वर्षी जन्मलेल्या या मुलाला एका डॉमिनिकन कुटुंबाने वाढवले होते. असा माणूस अध्यक्ष झाला तर देश हैतीच्या घशात जाईल, असा प्रचार वर्षानुवर्षे चालला होता. ३० जूनच्या दुसऱ्या फेरीत फर्नांडेझ ५१ टक्क्यांच्या थोडे पुढे गेले आणि जिंकले. डॉमिनिकन लोकशाहीच्या खात्यावर हा डाग मोठा आहे, आणि हैतीद्वेषाचे ते चलन आजही बाजारातून गेलेले नाही. २०१३ मध्ये घटना न्यायालयाने एका निकालाने हजारो हैतीवंशीयांचे नागरिकत्व काढून घेतले. अबिनादेर यांच्या सरकारने सीमेवर भिंत उभारायला घेतली. सत्ता बदलते, हा विषय बदलत नाही.

पेन्या गोमेझ मे १९९८ मध्ये वारले. २००० साली पीआरडीने इपोलितो मेहिया या रांगड्या, विनोदी कृषितज्ज्ञाला उभे केले आणि त्यांना ४९.८७ टक्के मते मिळाली, म्हणजे आवश्यक निम्म्याला अगदी थोडी कमी. नियमाप्रमाणे दुसरी फेरी व्हायला हवी होती. पण दुसऱ्या क्रमांकावरचे पीएलडीचे दानिलो मेदिना आणि तिसऱ्या क्रमांकावरचे, त्र्याण्णव वर्षांचे बालागेर या दोघांनाही सुमारे २५ टक्केच मते होती. बालागेर यांनी या वेळी साथ देण्याची तयारी दाखवली नाही, म्हणून मेदिना यांनी माघार घेतली आणि मेहिया अध्यक्ष झाले.

मेहिया यांनी मग एक गोष्ट केली जी त्यांच्या पक्षाने साठ वर्षांत केली नव्हती. २००२ मध्ये घटनादुरुस्ती करून त्यांनी लागोपाठ दुसऱ्यांदा उभे राहण्याची मुभा आणली. येथे घटना किती सहज बदलता येते हे सांगितले पाहिजे. दुरुस्ती आवश्यक असल्याचा कायदा साध्या बहुमताने करायचा, दोन्ही सभागृहांची संयुक्त बैठक बोलवायची, आणि उपस्थितांपैकी दोन-तृतीयांशांनी होकार दिला की झाले. मूलभूत हक्कांसारख्या काही विषयांना आज सार्वमताची अट आहे. अध्यक्षाच्या मुदतीच्या प्रश्नावर मात्र एकदाही लोकांचे थेट मत घेतले गेलेले नाही. पीआरडीचे तेव्हाचे पक्षाध्यक्ष आतुएय दे काम्प्स यांनी पुनर्निवडीला उघड विरोध केला आणि अखेर वेगळा पक्ष काढला. त्यातच २००३ मध्ये बानिंतेर ही मोठी खासगी बँक लबाडीच्या हिशेबांमुळे कोसळली. सरकारने ठेवीदारांचे पैसे भरून दिले, त्यासाठी नोटा छापल्या, पेसो गडगडला आणि एका डॉलरला वर्षभरात दुपटीहून जास्त पेसो मोजावे लागू लागले. २००४ मध्ये फर्नांडेझ ५७ टक्के मतांनी परतले, आणि मेहिया यांनीच खुल्या केलेल्या वाटेने २००८ मध्ये पुन्हा निवडून आले.

पुढची घटनादुरुस्ती २०१० ची. फर्नांडेझ आणि पीआरडीचे नेते मिगेल वर्गास यांच्या समझोत्यातून ती आली. स्वाक्षऱ्यांच्या वेळी दोघांनी निळे टाय घातले होते म्हणून लोक त्याला ‘निळ्या टायांचा करार’ म्हणू लागले. लागोपाठ पुनर्निवड पुन्हा बंद झाली, पण चार वर्षे थांबून परत येण्यावर कोणतीच मर्यादा राहिली नाही. पदावरून उतरणाऱ्या, अजून साठीही न गाठलेल्या अध्यक्षाला याहून सोयीचा नियम कोणता असणार!

२०१२ मध्ये पीएलडीने दानिलो मेदिना यांना उभे केले आणि त्यांनी मेहिया यांचा ५१ विरुद्ध ४७ असा पराभव केला. या निकालाच्या पोटात आणखी एक गोष्ट आहे. डॉमिनिकन मतपत्रिकेवर उमेदवारांची नव्हे, तर पक्षांची चौकट असते. पाच पक्षांनी मिळून एकाच उमेदवाराला पाठिंबा दिला असेल तर त्याचा फोटो पाच चौकटींत छापला जातो, मतदार आपल्या पसंतीच्या पक्षाच्या चौकटीवर खूण करतो, आणि या सर्व चौकटींची बेरीज उमेदवाराच्या खात्यावर जमा होते. २०१२ मध्ये पीआरडीच्या एकट्याच्या चौकटीत सुमारे ४२ टक्के मते होती, पीएलडीच्या चौकटीत सुमारे ३८ टक्के. सर्वांत मोठा पक्ष हरला, कारण मेदिना यांच्यामागे छोट्या पक्षांची रांग होती आणि त्यांत बालागेर यांच्या निधनानंतर उरलेला सुधारणावादी पक्षही होता. एके काळी देशावर अधिराज्य करणारा हा पक्ष आता दर निवडणुकीला पाच-सहा टक्के किंवा त्याहूनही कमी मते घेऊन वेगवेगळ्या दारी उभा राहतो. २०१२ मध्ये मेदिना, २०१६ मध्ये अबिनादेर, २०२० मध्ये फर्नांडेझ, २०२४ मध्ये पुन्हा अबिनादेर असा त्याचा प्रवास आहे.

छोट्या पक्षांना या पद्धतीत जगता येते याचे दुसरे कारण म्हणजे सरकारी निधी. पक्षांना सार्वजनिक तिजोरीतून पैसे मिळतात. त्यातील ८० टक्के रक्कम पाच टक्क्यांहून अधिक मते मिळवणाऱ्या पक्षांत वाटली जाते आणि उरलेली बाकीच्यांत. आघाडीत राहून स्वतःची चौकट जपली की मते मोजली जातात, निधी चालू राहतो आणि सरकार आलेच तर एखादे महामंडळ, दूतावास, काही नोकऱ्या पदरात पडतात. कामावर न जाता सरकारी पगार घेणाऱ्याला तेथे ‘बाटली’ म्हणतात, आणि प्रत्येक नवे सरकार आधीच्या सरकारच्या बाटल्या मोजून दाखवते.

आता त्या दोन फाटाफुटींकडे वळू, ज्यांनी आजचे चित्र घडवले. पहिली पीआरडीची. २०१२ च्या पराभवानंतर मेहिया आणि वर्गास या दोन गटांत पक्षाच्या मालकीवरून भांडण जुंपले. पक्षाचे नाव, रंग आणि पेटत्या मशालीचे चिन्ह वर्गास यांच्याकडे राहिले. कार्यकर्ते आणि मतदार बहुसंख्येने दुसरीकडे गेले. नाव-चिन्ह एकाकडे आणि माणसे दुसरीकडे, ही स्थिती महाराष्ट्रातील वाचकाला वेगळी समजावून सांगण्याची गरज नाही. बाहेर पडलेल्यांनी आधीपासून नोंदणी असलेला एक छोटा पक्ष घेतला, त्याचे नाव बदलले आणि २०१४ मध्ये आधुनिक क्रांतिकारी पक्ष, म्हणजे पीआरएम, उभा केला. लेबनीज वंशाचे उद्योजक आणि २०१२ मध्ये मेहिया यांच्यासोबत उपाध्यक्षपदाचे उमेदवार असलेले लुईस अबिनादेर हे या पक्षाचा चेहरा झाले.

वर्गास यांच्याकडे उरलेल्या खासदारांची किंमत २०१५ मध्ये वसूल झाली. मेदिना लोकप्रिय होते आणि त्यांना लागोपाठ दुसरी मुदत हवी होती. त्यासाठी पुन्हा घटनादुरुस्ती लागणार होती आणि स्वपक्षातील फर्नांडेझ यांचा गट नाखूश होता. पीआरडीच्या मतांच्या आधाराने दुरुस्ती मंजूर झाली. नवा नियम असा की दोन मुदती, आणि त्यानंतर पुन्हा कधीच नाही. फर्नांडेझ यांच्या गटाच्या समाधानासाठी एक तात्पुरती तरतूदही घातली गेली, की मेदिना २०१६ मध्ये जिंकले तर त्यांना पुढे कधीही उभे राहता येणार नाही. मेदिना ६१ टक्क्यांहून अधिक मतांनी जिंकले, वर्गास परराष्ट्रमंत्री झाले. ज्यांनी १९६३ चा आणि १९६५ चा काळ पाहिला होता, त्या जुन्या पीआरडी समर्थकांना आपला पक्ष पीएलडीच्या मागे फरफटत जाताना पाहून काय वाटले असेल, याची कल्पनाच केलेली बरी.

दुसरी फूट पीएलडीची. ब्राझीलच्या ओदेब्रेख्त या बांधकाम कंपनीने डॉमिनिकन प्रजासत्ताकात ९ कोटी २० लाख डॉलरची लाच दिल्याचे डिसेंबर २०१६ मध्ये उघड झाले आणि २०१७ मध्ये हिरवे कपडे घातलेल्या नागरिकांचे प्रचंड मोर्चे निघाले. अशा वातावरणात २०१९ मध्ये मेदिना समर्थक ती तात्पुरती तरतूद काढून टाकण्याच्या खटपटीला लागले. फर्नांडेझ यांचे कार्यकर्ते संसदेसमोर ठाण मांडून बसले, अमेरिकेच्या परराष्ट्रमंत्र्यांनी दूरध्वनी करून घटनेची आठवण करून दिली, आणि जुलैमध्ये मेदिना यांनी आपण उभे राहणार नसल्याचे जाहीर केले. पण त्यांनी आपला माणूस पुढे केला. ६ ऑक्टोबर २०१९ च्या पक्षांतर्गत प्राथमिक निवडणुकीत माजी सार्वजनिक बांधकाममंत्री गोन्सालो कास्तियो यांनी फर्नांडेझ यांना सुमारे २६ हजार मतांनी हरवले. मतदान यंत्रांवर झाले होते. फर्नांडेझ यांनी यंत्रांत फेरफार झाल्याचा आरोप केला, दोन आठवड्यांत पक्ष सोडला आणि तेही एका नोंदणीकृत छोट्या पक्षात शिरून त्याचे नाव ‘फुएर्सा देल पुएब्लो’, म्हणजे लोकशक्ती, असे ठेवते झाले.

पुढचे वर्ष विलक्षण होते. १६ फेब्रुवारी २०२० रोजी स्थानिक स्वराज्य संस्थांचे मतदान सुरू होऊन काही तास उलटतात तोच निवडणूक मंडळाने ते संपूर्ण देशात स्थगित केले, कारण अनेक यंत्रांवर काही पक्षांचे उमेदवारच दिसत नव्हते. राजधानीतील ध्वज चौकात तरुणांनी रोज संध्याकाळी निदर्शने मांडली. यंत्रे बासनात गेली, कागदी मतपत्रिका परत आल्या. मग कोरोना आला आणि मे महिन्यातील अध्यक्षीय निवडणूक ५ जुलैवर गेली. अबिनादेर ५२ टक्क्यांहून अधिक मते घेऊन पहिल्याच फेरीत जिंकले. कास्तियो यांना सुमारे ३७ टक्के, फर्नांडेझ यांना सुमारे ९ टक्के. या दोघांची बेरीज केली तरी अबिनादेर पुढेच राहतात, त्यामुळे केवळ फुटीने पीएलडी हरला असे अंकगणिताने सिद्ध होत नाही. पण अध्यक्षांचा गट आणि माजी अध्यक्षांचा गट एकमेकांचे वाभाडे काढत असताना कुंपणावरच्या मतदाराने आणि छोट्या मित्रपक्षांनी आपला निर्णय घेऊन टाकला होता, आणि ते बेरजेत दिसत नाही.

चार वर्षांनंतरच्या निकालाने लेखाची सुरुवात केली आहे. तेव्हा पीएलडीची मते आटून फर्नांडेझ यांच्याकडे गेली होती, आणि पीआरएम व त्याच्या मित्रपक्षांनी सिनेटच्या ३२ पैकी २९ जागा घेतल्या होत्या. मतदान मात्र सुमारे ५४ टक्केच झाले. २०१६ मध्ये ते जवळजवळ ७० टक्के होते. यादीतील ८१ लाख मतदारांपैकी साडेआठ लाखांहून अधिक परदेशात, मुख्यतः अमेरिकेत राहतात आणि तेथूनच मत देतात. त्यांच्यात मतदानाचे प्रमाण आणखी कमी असते. ५७ टक्क्यांचा विजय म्हणजे एकूण मतदारांच्या एक-तृतीयांशाहूनही कमी लोकांचा होकार, हे प्रचंड बहुमताच्या गजरात विसरले जाते.

अबिनादेर यांच्याकडे घटना हवी तशी बदलण्याइतके बळ होते. त्यांनी ते वापरले, पण आजवरच्या उलट दिशेने. ऑक्टोबर २०२४ मध्ये अमलात आलेल्या घटनादुरुस्तीने दोन मुदतींचा नियम कायम ठेवला आणि अध्यक्षाच्या निवडीचे नियम यापुढे बदलता येणार नाहीत, असे कुलूप घातले. प्रतिनिधिगृहाच्या जागा १९० वरून १७० करण्याचे आणि २०३२ पासून स्थानिक व राष्ट्रीय निवडणुका एकत्र घेण्याचे ठरले. टीकाकार विचारतात की ज्या सभेने कुलूप लावले त्याच सभेला ते काढता येणार नाही हे कशावरून, आणि प्रश्न रास्त आहे. तरीही स्वतःसाठी दार बंद करून घेणारा अध्यक्ष या देशाने फारसा पाहिलेला नाही, याची नोंद घ्यावीच लागते.

या नियमांचा २०२८ साठी अर्थ असा की अबिनादेर उभे राहू शकत नाहीत आणि तात्पुरत्या तरतुदीमुळे मेदिनाही राहू शकत नाहीत. तीन मुदती भोगलेले फर्नांडेझ मात्र शर्यतीत असू शकतात, कारण त्यांच्या मुदती २०१५ च्या नियमाआधीच्या आहेत आणि २०२० व २०२४ मध्ये त्यांची उमेदवारी ग्राह्य धरली गेली होती. त्यांचेच पुत्र ओमार फर्नांडेझ २०२४ मध्ये राजधानीतून सिनेटर झाले असून पक्षात मुलाच्या नावाची चर्चा वडिलांच्या नावाइतकीच होते. पीआरएममध्ये उपाध्यक्ष राकेल पेन्या, पर्यटनमंत्री दाविद कोयादो आणि राजधानीच्या महापौर, इपोलितो मेहिया यांच्या कन्या कारोलिना मेहिया अशी नावे घेतली जातात. कायद्यानुसार पक्षांच्या प्राथमिक निवडणुका आदल्या वर्षीच्या ऑक्टोबरमधील पहिल्या रविवारी होतात. त्यामुळे मे २०२८ च्या मतदानाचा अंदाज बांधण्यासाठी बघायची तारीख ऑक्टोबर २०२७ ची आहे, आणि बघायचे आहे ते तेव्हा कोण जिंकतो यापेक्षा जो हरतो तो पक्षात राहतो की एखादा नोंदणीकृत छोटा पक्ष शोधू लागतो.